नंबर

बसा. हनुवटी इथं टेकवा, कपाळ पट्टीला.
डावा डोळा झाका. दाबू नका हो,
पिल्लू धरल्यासारखा नुसता तळहात धरा.
तक्त्यावर गोल कड्या आहेत, प्रत्येकीला एक फट.
फट कुठल्या बाजूला, एवढंच सांगायचं.
वर. उजवीकडे. खाली. बरोबर.
लांबचं छान आहे तुमचं.
जवळचंच दिसेना झालंय, तर चाळिशी कुणाला चुकलीय.

हे यंत्र माझ्या नवऱ्याचं. रिफअतचं.
मन्सूरात भिंग घासणारे चौघे होते, त्यातला एक.
मी गल्ल्यावर बसायचे, फ्रेमा पुसायचे, उधारी लिहायचे.
ती वहीच उचलून नेली त्यांनी, पहाटे, सहा जण.
मी वॉरंट मागितलं. त्यांनी मलाच विचारलं,
हा वजा साडेचार कोण? हा अधिक दोन?
गिऱ्हाइकांची नावं, समोर त्यांचे नंबर:
झाली संघटनेची यादी.
वजावाले भूमिगत असणार, म्हणाला एक जण.
हसू नका, डोकं हलतं.

उजवा झाका आता.

पंधरा दिवस म्हणाले. मग पंचेचाळीस.
मग पुन्हा पंचेचाळीस. कोर्टात काचेचा पिंजरा,
आत रिफअत, चष्मा पहिल्याच रात्री गेलेला.
न्यायाधीश म्हणजे त्याच्या लेखी एक काळा डाग.
डागाने मान हलवली की पंचेचाळीस दिवस.
दोन वर्षं भरली, त्यापुढे कायदा धरू देत नाही,
म्हणून सोडलं त्याला. कागदावर.
उंबऱ्याच्या आतल्या आत.
संध्याकाळी तोच आरोप, नवा नंबर.

मी चष्मा नेला. काच चालत नाही म्हणून परत.
घासायला शिकले, प्लास्टिकचं भिंग केलं.
काडीत तार आहे म्हणून परत.
काड्या काढून इलॅस्टिक लावलं.
असला चष्मा नियमात बसत नाही म्हणून परत.
तोवर वर्ष उलटलं, आणि मग सुचलं मला,
की जुन्या नंबराचं भिंग आता काय कामाचं?
कोठडीतला डोळा थोडाच थांबतो.
तेव्हा भेटीला, दोन जाळ्यांच्या अल्याडून,
मी बोटं दाखवली. किती?
तीन, म्हणाला. दोन होती.
एक पाऊल मागे सरले. आता किती?
तेवढ्यात शिट्टी.
सांकेतिक खुणा. तीन महिने भेट बंद,
आणि वर एक केस, तिलाही नंबर.

शिट्टी तुम्हीच वाजवली होती.
दचकू नका. दारातून आलात तेव्हाच ओळखलं.
लांबचं चांगलं दिसतं तुम्हाला, ठाऊक होतं मला.

आता जवळचं.
वाचायचं कार्ड फाटलंय, हा कागद धरा.
जिनिव्हाहून आलाय. पाच परक्या माणसांनी
बारा पानं लिहिलीत मन्सूरातल्या एका चष्मेवाल्यावर,
ज्याला त्यांच्यातल्या कुणी पाहिलेलं नाही.
वकीलबाई म्हणतात, याने कुलूप उघडत नाही,
पण ‘आम्हाला माहीत नव्हतं’ हे म्हणायची सोय जाते.
रिफअतला पोचवून उपयोग नाही, दिसणार कसं त्याला.
तुम्ही वाचा. शेवटचं पान. मोठ्याने,
अडखळता कुठे ते मला कळायला हवं.

‘ही अटक’... हां.
‘मनमानी स्वरूपाची’...
पुढे?
अंधुक? थांबा, पाव नंबर वाढवते.
आता बघा. अजून एक भिंग आहे.
‘तात्काळ’ आहे ते. पुढचा शब्द तुमचा तुम्ही वाचा.
घाई नाही. दुकान आठपर्यंत उघडं असतं.

अधिक दीड.
नाव नको, हल्ली नुसते नंबर लिहिते मी.
काचेचा करू की प्लास्टिकचा?
गुरुवारी न्या.
नाही, गुरुवारी मीच येणार तिकडे,
पिशवीत एक डबी असेल, वजा आठ,
अंदाजाने केलंय.
तुम्ही शनिवारी या.